राजवाडे यांचा ‘भारतीय विवाहसंस्थेचा इतिहास’ : आशयसूत्रे आणि स्वीकार (धुळे ते धुळे)

प्रास्ताविक

इतिहासाचार्य विश्वनाथ काशिनाथ राजवाडे यांचे नाव घेतले की ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ या मालेचे बावीस खंड डोळ्यांसमोर येतात. १८९८ मध्ये या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध झाला आणि मराठ्यांच्या इतिहासलेखनाला कागदपत्रांचा भक्कम पाया मिळाला. ‘राधामाधवविलासचंपू’ आणि ‘महिकावतीची बखर’ यांना लिहिलेल्या त्यांच्या दीर्घ प्रस्तावनाही अभ्यासकांना परिचित आहेत. ‘भारतीय विवाहसंस्थेचा इतिहास’ या ग्रंथाचा उल्लेख मात्र बहुधा यादीच्या शेवटी आणि काहीशा संकोचाने होतो. प्राचीन समाजातील स्त्रीपुरुषसंबंध, विवाहित स्त्रीवरील हक्क आणि त्या हक्काची उत्पत्ती हे या ग्रंथाचे विषय असून त्यांची चर्चा कोणताही आडपडदा न ठेवता केलेली आहे. शिष्ट मराठी वाचकाने हा ग्रंथ हातात घ्यावा, काही पाने चाळावी आणि पुन्हा कपाटात ठेवावा, असेच त्याच्या बाबतीत अनेक वर्षे घडत आले.

या ग्रंथाचा खानदेशाशी असलेला संबंध दुहेरी आहे. राजवाडे यांच्या आयुष्याची अखेर धुळ्यात झाली आणि ३१ डिसेंबर १९२६ रोजी तेथेच त्यांचे निधन झाले. या ग्रंथाने उपस्थित केलेल्या प्रश्नाची महाराष्ट्रातील सर्वांत मूलगामी फेरमांडणी पुढे ज्यांनी केली, ते कॉ. शरद पाटील हेही धुळ्याचेच. दोघांच्या मध्ये जवळजवळ सहा दशकांचे अंतर आहे, दोघांच्या सामाजिक भूमिका परस्परविरोधी आहेत. परंतु प्रश्न एकच आहे : विवाहित स्त्री ही ‘कोणाची’ कधी झाली आणि कशी झाली? या ग्रंथातील प्रमुख आशयसूत्रे कोणती आणि अभ्यासकांनी त्यांचा स्वीकार वा अव्हेर कोणत्या कारणांनी केला, यांचा विचार प्रस्तुत निबंधात केला आहे.

धुळे आणि राजवाडे

राजवाडे यांनी १९१० मध्ये खंडेराव चिंतामण मेहेंदळे यांच्या साहाय्याने पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळाची स्थापना केली. पुढे मंडळाशी मतभेद होऊन ते तेथून बाजूला झाले. संस्था उभारावी, तिच्याशी भांडावे आणि दप्तर उचलून पुढच्या गावी जावे हा त्यांच्या स्वभावाचा भागच होता. धुळ्याला त्या वेळी संशोधनाचे वातावरण होते. शंकर श्रीकृष्ण देव यांनी १८९३ मध्ये सत्कार्योत्तेजक सभा स्थापन करून समर्थ संप्रदायाचे वाङ्मय जमविण्याचे कार्य आरंभिले होते. भास्कर वामन भट यांच्यासारखे इतिहासप्रेमी कार्यकर्ते गावात होते. १९०६ मध्ये खानदेश जिल्ह्याचे विभाजन होऊन जळगाव हे पूर्व खानदेशाचे आणि धुळे हे पश्चिम खानदेशाचे ठाणे झाले होते. पुण्यापासून दूर असलेल्या या गावाने राजवाडे यांना अखेरचा आसरा दिला. त्यांच्या मृत्यूनंतर अवघ्या काही दिवसांत, जानेवारी १९२७ मध्ये, राजवाडे संशोधन मंडळ स्थापन झाले. त्यांचा कागदपत्रांचा संग्रह आणि अप्रकाशित लेखन सांभाळण्याची जबाबदारी या मंडळाने उचलली. त्यांनी आयुष्यभर जमविलेली धातू व व्युत्पत्ती यांची सामग्री पुढे कृ. पां. कुलकर्णी यांच्या संपादनाखाली कोशरूपाने प्रसिद्ध झाली.

विवाहसंस्थेवरील ग्रंथ समजून घेताना या व्युत्पत्तिकार्याचे भान ठेवणे आवश्यक आहे. राजवाडे यांच्या दृष्टीने शब्द हा शिलालेखाइतकाच विश्वसनीय पुरावा होता. समाज बदलतो, रूढी नष्ट होते, परंतु तिचा ठसा शब्दाच्या धातूत आणि प्रत्ययात शिल्लक राहतो, अशी त्यांची धारणा होती. तरुणपणी प्लेटोच्या ‘रिपब्लिक’चे मराठी भाषांतर करणाऱ्या आणि ऑगस्ट कोंत याच्या विचारांचा प्रभाव स्वीकारणाऱ्या या संशोधकाला मानवी संस्था उत्क्रांत होत जातात याविषयी शंका नव्हती. विवाह ही ईश्वरदत्त व्यवस्था नसून ती काळाच्या ओघात माणसांनी घडविलेली आहे, हे या ग्रंथाचे गृहीतही आहे आणि प्रतिपाद्यही. यात मौज अशी की चातुर्वर्ण्याचा अभिमान बाळगणारा हाच लेखक विवाहाच्या पावित्र्याखालची वीट काढून घेत होता.

१९२३ मधील प्रकाशन

ग्रंथाचा प्रारंभीचा भाग १९२३ मध्ये पुण्याच्या ‘चित्रमयजगत्’ या मासिकात प्रसिद्ध झाला आणि त्याने मोठी खळबळ उडविली. अतिप्राचीन आर्यांमध्ये स्त्रीपुरुषसमागमास आजचे निर्बंध नव्हते. पती, पत्नी, औरस पुत्र या कल्पना नंतरच्या आहेत, हे विधान राजवाडे यांच्यासारख्या वेदाभिमानी ब्राह्मण पंडिताच्या लेखणीतून उतरल्यामुळे वाचकांना अधिकच झोंबले. हेच एखाद्या मिशनऱ्याने लिहिले असते तर त्याला उत्तर देणे सोपे होते. येथे तर घरचाच माणूस घरच्या पोथ्यांतून दाखले काढीत होता.

या क्षोभाची पार्श्वभूमी लक्षात घेतली पाहिजे. विवाहित स्त्रीचा प्रश्न महाराष्ट्रात त्यापूर्वीच चाळीस वर्षे धगधगत होता. ताराबाई शिंदे यांचा ‘स्त्रीपुरुषतुलना’ हा निबंध १८८२ चा. नको असलेल्या नवऱ्याकडे नांदायला जाण्यास नकार देणाऱ्या रखमाबाईंचा खटला १८८४ ते १८८८ या काळात गाजला. १८९१ च्या संमतिवयाच्या कायद्याने मुलीचे वय दहावरून बारावर नेले, तेव्हा धर्म बुडाल्याची ओरड झाली. या सर्व वादांत सुधारक आणि सनातनी दोघेही शास्त्राचाच आधार घेत. सुधारक म्हणत की प्राचीन काळी स्त्रीची स्थिती उच्च होती, पुढे ती खालावली. सनातनी म्हणत की आज आहे तेच प्राचीन आहे. राजवाडे यांनी दोन्ही पक्षांची पंचाईत केली. प्राचीन काळ हा ना सुधारकांच्या आदर्श गृहस्थाश्रमाचा, ना सनातन्यांच्या अढळ पातिव्रत्याचा, असे त्यांचे म्हणणे होते. आपल्या बाजूचा नसलेला पुरावा कोणालाच नको असतो.

अशा विषयांवर लिहिण्याची किंमत पुढे रघुनाथ धोंडो कर्वे यांनी अधिक मोजली. जुलै १९२७ मध्ये त्यांनी ‘समाजस्वास्थ्य’ सुरू केले आणि १९३१ मध्ये ‘व्यभिचाराचा प्रश्न’ या लेखाबद्दल त्यांच्यावर अश्लीलतेचा खटला होऊन शंभर रुपये दंड झाला. राजवाडे यांच्यावर खटला झाला नाही. त्यांचे विधान कोणत्यातरी दूरच्या काळाविषयी होते. कर्वे यांचे शेजारच्या घराविषयी होते. तथापि दोघांच्या लेखनाने दुखावलेली जागा एकच होती, हे विसरता येत नाही.

ग्रंथातील आशयसूत्रे

ग्रंथ मरणोत्तर उपलब्ध झाला तो अपुऱ्या स्वरूपात. स्त्रीपुरुषसमागमासंबंधीच्या अतिप्राचीन आर्य प्रथा, आतिथ्याची एक आर्ष प्रथा, अग्नी व यज्ञ, आणि विवाहसंस्कार असे त्यातील प्रमुख विषय आहेत. शैली टाचणवजा आहे. लेखक एकामागून एक दाखले मांडत जातो आणि वाचकाला श्वास घ्यायला फारशी उसंत देत नाही.

पहिले सूत्र अनिर्बंध समागमाचे. त्याचा मुख्य आधार महाभारताच्या आदिपर्वातील श्वेतकेतूची कथा हा आहे. उद्दालक ऋषी व पुत्र श्वेतकेतू यांच्या देखत एक ब्राह्मण श्वेतकेतूच्या आईचा हात धरून तिला घेऊन जातो. पुत्र संतापतो, तेव्हा पिता त्याला सांगतो की रागावू नकोस, हा सनातन धर्मच आहे. सर्व वर्णांच्या स्त्रिया गाईंप्रमाणे अनावृत आहेत. श्वेतकेतूला ते मानवत नाही आणि तो मर्यादा घालून देतो : यापुढे पतीला सोडून जाणाऱ्या स्त्रीला भ्रूणहत्येचे पातक लागेल, पतिव्रता पत्नीला सोडून जाणाऱ्या पुरुषालाही तेच लागेल, आणि पुत्रासाठी पतीने आज्ञा केली असता ती न पाळणाऱ्या स्त्रीलाही तेच लागेल. उत्तर कुरूंच्या देशात जुनी प्रथा अद्याप चालू असल्याचा उल्लेखही या कथेच्या ओघात येतो. ‘अनावृत’ या एका शब्दावर राजवाडे यांच्या मांडणीचा बराचसा भार आहे. ऋग्वेदाच्या दहाव्या मंडलातील यमयमी संवाद, नियोगाची चाल, अश्वमेधातील राजमहिषीचा विधी यांसारख्या सामग्रीतून अशाच अवस्थेचे अवशेष शोधता येतात, ही या विचारपद्धतीची पुढची पायरी होय.

दुसरे सूत्र आतिथ्याचे. या संदर्भात अनुशासनपर्वातील सुदर्शन व ओघवती यांची कथा लक्षणीय आहे. अतिथीला काहीही नाकारू नये, स्वतःलाही नाही, अशी आज्ञा सुदर्शनाने पत्नीला दिलेली असते. त्याच्या अनुपस्थितीत आलेला ब्राह्मण तिचीच मागणी करतो. ती पतीचे वचन आठवून, लाजत, ती मान्य करते. सुदर्शन परततो, हाक मारतो, उत्तर आतून अतिथी देतो. सुदर्शन किंचितही रागावत नाही आणि अतिथी हा साक्षात धर्म असल्याचे प्रकट होते. कथेचा हेतू अतिथिधर्माचे माहात्म्य सांगण्याचा आहे. परंतु माहात्म्य सांगताना कथाकाराला हा प्रसंग उदाहरण म्हणून सुचावा, यातच इतिहासकाराला पुरावा दिसतो. अशी प्रथा कोठेही नसती तर तिची गोष्ट रचली गेली नसती, हा युक्तिवाद आहे. तो निर्णायक नसला तरी झटकून टाकण्याजोगाही नाही.

तिसरे सूत्र अग्नी आणि यज्ञ यांचे. अग्नीभोवती जमलेला समूह, त्याचे सामायिक जीवन आणि प्रजोत्पादन यांतून यज्ञसंस्था आकाराला आली, असे राजवाडे मानतात. येथे त्यांची व्युत्पत्ती पुष्कळदा सैल होते. शब्दाचे तुकडे पाडून त्यांतून एक संपूर्ण समाजचित्र उभे करण्याचा मोह त्यांना आवरत नाही. आणि वाचकाला प्रत्येक वेळी असे वाटते की पुरावा आधी होता की निष्कर्ष, हे तपासून पाहावे.

राजवाडे यांच्या मांडणीला जुळेल असा एक विधी येथे नोंदविणे उपयुक्त ठरेल. चातुर्मास्यांतील वरुणप्रघास या यज्ञात प्रतिप्रस्थाता हा ऋत्विज यजमानाच्या पत्नीला पुढे आणताना, ती कोणाशी संबंध ठेवते, असे विचारतो. शतपथ ब्राह्मणात याचे कारण दिले आहे : एकाची असून दुसऱ्याशी संबंध ठेवणे हा वरुणाचा अपराध होय, आणि कबूल केलेले पाप लहान होते. न सांगितल्यास तिच्या आप्तांचे अनिष्ट होईल. या विधीत स्त्री ‘एकाची’ झालेली आहे, म्हणजे विवाहसंस्था स्थिर झाली आहे. तरीही तिचे इतर संबंध असणे अकल्पनीय मानलेले नाही. ते उघड बोलावयाचे आणि त्यातून मोकळे व्हावयाचे आहे. पुढच्या स्मृतींतील प्रायश्चित्ते व शिक्षा यांच्या तुलनेत या विधीचा सूर वेगळा आहे. मर्यादा एका रात्रीत आली नाही, ती थरांनी साचत गेली, हे राजवाडे यांचे मूळ म्हणणे येथे अधिक पटते.

पंडितांचा प्रतिसाद

विवाहपूर्व अनिर्बंध समागमाची कल्पना एकोणिसाव्या शतकात युरोपात रूढ झाली होती. बाखोफेन यांचा मातृसत्तेवरील ग्रंथ १८६१ चा, मॅक्लेनन यांचा ‘प्रिमिटिव्ह मॅरेज’ १८६५ चा, मॉर्गन यांचा ‘एन्शंट सोसायटी’ १८७७ चा. त्यावर आधारलेला एंगल्स यांचा कुटुंबसंस्थेवरील ग्रंथ १८८४ चा. १८९१ मध्ये वेस्टरमार्क यांनी या उपपत्तीवर कठोर टीका केली आणि विसाव्या शतकाच्या पूर्वार्धात मानववंशशास्त्रज्ञांनी ती बहुतांशी सोडून दिली. म्हणजे राजवाडे लिहीत होते तेव्हा ती पाश्चात्त्य विद्वत्तेत मावळत होती.

भारतीय प्राच्यविद्यापंडितांनी नेमका हाच मुद्दा पकडला. म. म. पां. वा. काणे यांनी ‘हिस्टरी ऑफ धर्मशास्त्र’च्या दुसऱ्या खंडात (१९४१) श्वेतकेतूच्या कथेचा परामर्श घेतला, परंतु तिच्यावरून प्राचीन स्वैराचार सिद्ध होत नाही अशी भूमिका स्वीकारली. अनंत सदाशिव अळतेकर यांनीही हिंदू संस्कृतीतील स्त्रियांच्या स्थितीवरील १९३८ च्या ग्रंथात वैदिक काळाचे चित्र स्थिर व प्रतिष्ठित विवाहाचेच रंगविले. एका महाकाव्यातील आख्यानावर इतका मोठा डोलारा उभारता येत नाही, हा या विद्वानांचा आक्षेप पद्धतीच्या दृष्टीने योग्यच आहे. मात्र पद्धतीच्या आक्षेपाआड थोडीशी सुटकेची भावनाही दडलेली असावी. आख्यान अपवादात्मक ठरवले की पूर्वजांविषयी अधिक विचारावे लागत नाही.

डांगे, कोसंबी

ग्रंथाला दुसरे आयुष्य दिले ते डाव्या विचारवंतांनी. कॉ. श्रीपाद अमृत डांगे यांच्या ‘इंडिया फ्रॉम प्रिमिटिव्ह कम्युनिझम टू स्लेव्हरी’ (१९४९) या ग्रंथात राजवाडे यांच्या सामग्रीचा आणि व्युत्पत्तींचा मुबलक उपयोग आहे. लोकवाङ्मय गृहाने काढलेल्या ‘भारतीय विवाहसंस्थेचा इतिहास’च्या आवृत्तीला प्रस्तावनाही डांगे यांचीच आहे. एंगल्सने सांगितलेल्या आदिम साम्यवादाचा भारतीय पुरावा त्यांना राजवाडे यांच्या टिपणांत आयता सापडला. यज्ञ म्हणजे सामूहिक उत्पादनपद्धती, हे समीकरण त्यांनी याच वाटेने मांडले. एका कट्टर वर्णाभिमानी इतिहासकाराचा ग्रंथ साम्यवादी चळवळीच्या प्रकाशनसंस्थेने प्रसिद्ध करावा, हा मराठी विचारविश्वातील एक विलक्षण योगायोग म्हटला पाहिजे.

डांगे यांच्या ग्रंथावर त्याच वर्षी सर्वांत तीव्र टीका केली ती मार्क्सवादी दामोदर धर्मानंद कोसंबी यांनीच. भांडारकर प्राच्यविद्या संशोधन संस्थेच्या ‘अ‍ॅनल्स’मधील परीक्षणात त्यांनी साधनांचा बेफिकीर वापर, कल्पनारम्य व्युत्पत्ती आणि युरोपीय सूत्र भारतावर जसेच्या तसे बसविण्याची घाई यांचा खरपूस समाचार घेतला. हा प्रहार डांगे यांच्यावर होता, परंतु त्याचा बराचसा भाग मूळ राजवाडे यांना लागू पडतो. मात्र कोसंबी यांनी प्रश्न टाकून दिला नाही. उर्वशी व पुरूरवा यांच्यावरील त्यांच्या निबंधात, जो पुढे ‘मिथ अँड रिॲलिटी’ (१९६२) मध्ये समाविष्ट झाला, ऋग्वेदातील त्या संवादाचे विधी म्हणून वाचन करून पितृसत्तेने झाकलेल्या जुन्या स्त्रीप्रधान थराचा त्यांनी शोध घेतला. शब्दाच्या तुकड्यांऐवजी विधी, स्थळ आणि चालू रूढी यांची सांगड घालणारी ही पद्धत अधिक सावध आहे.

पुन्हा धुळे : शरद पाटील

कॉ. शरद पाटील (१९२५–२०१४) यांनी १९७८ मध्ये मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्षातून बाहेर पडून सत्यशोधक कम्युनिस्ट पक्षाची स्थापना केली. साक्री-नवापूर भागातील आदिवासी शेतकरी व शेतमजूर यांच्या लढ्यांत त्यांचे आयुष्य गेले. ‘दास-शूद्रांची गुलामगिरी’ हा त्यांचा प्रमुख ग्रंथ १९८२ पासून प्रसिद्ध होऊ लागला. त्यासाठी त्यांनी उतारवयाकडे झुकताना पाणिनीच्या व्याकरणाचा पद्धतशीर अभ्यास केला. व्याकरण हे समाजेतिहासाचे साधन आहे ही राजवाडे यांची दृष्टी अशा रीतीने धुळ्यातच, अगदी वेगळ्या हेतूने, पुन्हा अवतरली.

भेद मात्र मूलभूत आहे. राजवाडे यांच्या चित्रात अनावृत स्त्री ही मुक्त दिसते, परंतु तिच्या हाती सत्ता नाही; ती समूहाची आहे, पुढे एकाची होते. शरद पाटील यांनी सत्तेचा प्रश्न मध्यभागी आणला. कृषीचा शोध आणि जमिनीवरील अधिकार स्त्रीकडे असलेल्या स्त्रीसत्ताक गणसमाजाची त्यांनी मांडणी केली आणि निर्ऋती या वैदिक वाङ्मयात अनिष्ट ठरविलेल्या देवतेत त्या सत्तेच्या पराभूत प्रमुखाची स्मृती पाहिली. विवाह हा केवळ समागमाचा निर्बंध नसून उत्पादनसाधनांवरील स्त्रीच्या अधिकाराचा शेवट आहे, असे या मांडणीतून निष्पन्न होते. डांगे यांनी वर्ग पाहिला पण वर्ण-जात व स्त्रीसत्ता पाहिली नाही, हा त्यांचा आक्षेप याच भूमिकेतून आला. या मांडणीतील सर्वच व्युत्पत्ती अभ्यासकांना मान्य झालेल्या नाहीत, आणि काही ठिकाणी त्याही राजवाडे यांच्याइतक्याच धाडसी आहेत. तथापि प्रश्नाची जागा त्यांनी शयनगृहातून शेतात नेली, हे त्यांचे श्रेय होय.

पत्नीचा आवाज

राजवाडे, काणे, डांगे या सर्वांच्या चर्चेत एक बाजू अंधारात राहिलेली दिसते. श्वेतकेतूची कथा महाभारतात कोण कोणाला सांगतो? शापामुळे संततीस असमर्थ झालेला पंडू ती कुंतीला सांगतो, आणि सांगण्याचा हेतू तिने नियोगाला संमती द्यावी हा आहे. कुंतीने त्याआधी नकार दिलेला आहे आणि त्यासाठी स्वतःची कथा सांगितली आहे : व्युषिताश्व राजाच्या मृत्यूनंतरही भद्रेने परपुरुषाचा विचार केला नाही. या कथेला उत्तर म्हणून श्वेतकेतूची कथा येते. म्हणजे ज्याला इतिहासकार प्राचीन अवस्थेचा निरपेक्ष पुरावा मानतो, ते प्रत्यक्षात पतीपत्नींच्या वादातील पतीचे प्रतिपादन आहे. आणि मर्यादेचे तिसरे कलम, पतीची आज्ञा मोडणाऱ्या स्त्रीला पातक, हेच पंडूला हवे आहे. इरावती कर्वे यांनी ‘युगान्त’ (१९६७) मध्ये कुंतीकडे माणूस म्हणून पाहिले, तेव्हा या संवादाला वेगळे वजन आले.

अशीच दुसरी कथा आंधळ्या दीर्घतमा ऋषीची. स्त्रीला जन्मभर एकच पती, ही मर्यादा त्याने घातली असे आदिपर्व सांगते. ती घालण्याचा प्रसंग असा : त्याची पत्नी प्रद्वेषी त्याला म्हणते की भरण करतो म्हणून भर्ता आणि पालन करतो म्हणून पती, येथे तर तुझे व मुलांचे भरण मीच करीत आले, यापुढे करणार नाही. यावर संतापून त्याने नियम घातला आणि तिने मुलांकरवी त्याला तराफ्यावर बांधून गंगेत सोडले. विवाहाच्या मर्यादेचा उगम एका राबणाऱ्या पत्नीच्या तक्रारीत दाखविणारी ही कथा श्वेतकेतूच्या कथेपेक्षा कमी चर्चिली गेली. कारण उघड आहे : तिच्यात समागमाचा प्रश्न नाही, कष्टाचा आहे.

पतीची संमती हा धागा तर आधुनिक कायद्यापर्यंत येऊन पोहोचतो. १८६० च्या भारतीय दंडसंहितेच्या ४९७ व्या कलमानुसार परस्त्रीशी संबंध हा तिच्या पतीविरुद्धचा गुन्हा होता, आणि पतीची संमती वा संगनमत असल्यास तो गुन्हाच होत नसे. सुदर्शनाची ओघवतीला दिलेली आज्ञा आणि हे कलम यांच्यामागील तर्क एकच आहे. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये ते कलम घटनाबाह्य ठरविले. २०२३ च्या भारतीय न्याय संहितेत त्याचा समावेश नाही.

राजवाडे यांच्या या ग्रंथाची साधने मुख्यतः संस्कृत आहेत. ज्या खानदेशात त्यांनी अखेर दप्तर ठेवले, तेथे मात्र विवाहाचे कितीतरी प्रकार त्या वेळी डोळ्यांसमोर नांदत होते. ब्राह्मणेतर जातींत विधवेचा व टाकलेल्या स्त्रीचा पाट लागत असे, सातपुड्यातील भिल्ल-पावरा समाजात वधूच्या बापाला देज दिले जाई. १८८० मध्ये प्रसिद्ध झालेल्या खानदेशच्या गॅझेटियरमध्येही जातवार विवाहचालींच्या नोंदी आहेत. श्रावणात कानबाईचे लग्न लागे, रोट होत. भाद्रपदी पौर्णिमेपासून कोजागिरीपर्यंत धुळे-जळगावच्या घराघरांत मुली गुलाबाई बसवीत, आणि त्या गाण्यांत सासू, नणंद, माहेरचा मुऱ्हाळी, रुसलेली सून हे सारे पतीपेक्षाही अधिक जागा व्यापत. जळगावजवळच्या असोद्याच्या बहिणाबाई चौधरी (१८८०–१९५१) राजवाडे धुळ्यात होते त्याच वर्षांत जात्यावर ओव्या रचीत होत्या. तेराव्या वर्षी लग्न, तिशीत वैधव्य, आणि मग शेत, मुले, जाते असे त्यांचे आयुष्य. त्यांची गाणी १९५२ मध्ये आचार्य अत्रे यांच्या प्रस्तावनेसह ग्रंथरूप झाली, तेव्हा राजवाडे यांना जाऊन पंचवीस वर्षे लोटली होती.